पोटुशी रांगेचं शेपूट

माझे बाबा शेपूट होते आणि आई खिडकी. दोघांची नोकरी एकाच कचेरीत, दोघांचीही कायमची. शाळेच्या पहिल्या दिवशी प्रत्येकानं उभं राहून आपले आईवडील काय करतात ते सांगायचं होतं. बाकीच्यांचे वडील सुतार, गवंडी, एकाचे तर मोडकी वाद्यं दुरुस्त करणारे. मी उठले आणि म्हणाले, "बाबा शेपूट, आई खिडकी." मागच्या बाकावरून एकीनं विचारलं, "नळीत घातले की सरळ होतात का गं?" मी तिची वेणी ओढली. पुढं मी केस कापायचं दुकान काढलं, त्याचा या प्रसंगाशी काडीचा संबंध नाही. पण लोकांना संबंध जोडायची हौस असते.

शेपूट म्हणजे काय ते सांगायचं तर आधी पोटुशी म्हणजे काय ते सांगायला हवं. आमच्या जगात वाढलेल्यांना हे ठाऊकच आहे, त्यांनी तेवढ्यात पाणी पिऊन यावं. आमच्याकडे आकड्यांना सुरुवात आहे तसा शेवटही आहे. पहिला आकडा एक आणि शेवटचा आकडा पुरे. एकपासून निघालं की दोन, तीन, चार असं जन्मभर मोजत बसावं, पुरे येत नाही. पुरेपासून उलटं निघालं की पुरेला एक कमी, पुरेला दोन कमी, असं जन्मभर मोजावं, एक येत नाही. दोन्ही टोकं हातात, आणि मधलं काही केल्या संपत नाही. अशा गोष्टीला आम्ही पोटुशी म्हणतो.

बाहेरच्या माणसाला वाटतं, मग मधोमध काहीतरी असेल, चढण संपून उतरण लागते अशी एखादी जागा. तसलं काही नसतं. कुठलाही आकडा उचला, तो एकतर एककडून मोजत गेल्यावर सापडतो, नाहीतर पुरेकडून. मधे कुणीच राहत नाही. मास्तरांनी आम्हाला हे पट्टी आपटून शिकवलं, आणि जो कुणी "पण मधे कोण?" असं विचारी त्याला वर्गाबाहेर उभं केलं. मी बऱ्याचदा बाहेर असे.

आकडे पोटुशी असले म्हणून कुणाचं बिघडत नाही. पण वस्तूही अधूनमधून पोटुशी राहतात, तिथं पंचाईत. शेजारच्या मावशींनी नवऱ्यासाठी स्वेटर विणला आणि त्याची डावी बाही पोटुशी निघाली. काकांनी खांद्याकडून हात घातला, तो मनगटाकडून बाहेर येईचना. ओढला की परत येतो, धोका काही नाही. पण मावशी म्हणाल्या, "मी एवढं जिवापाड विणलंय, खबरदार काढलात तर." काका अजून थंडीचे दिवस एका हातानं काढतात. गेल्या वर्षी मावशींनी कानटोपी विणायला घेतली, तेव्हा ते आठवडाभर बहिणीकडे जाऊन राहिले.

आमच्या कचेरीची रांग अशीच पोटुशी होती. ही कचेरी होकार-नकाराची. गावात कुणाला काहीही करायचं असलं, भिंत बांधायची, कुत्र्याचं नाव बदलायचं, जुनी सायकल विहिरीत टाकायची, की खिडकीवर येऊन तोंडानं विचारायचं. खिडकी हो म्हणणार किंवा नाही म्हणणार. कागद नाही, शिक्का नाही. खिडकीत आई. पुढच्याला बोलवायला तिच्यापाशी घंटी होती, आणि हो-नाहीपलीकडे तिसरा शब्द खिडकीतून काढायला बंदी. आई ती बंदी कटाक्षानं पाळायची. त्यामुळे दिवसभराचे अडलेले शब्द घरी आल्यावर एकदम सुटायचे. चपला काढता काढता ती सुरू व्हायची, ते झोपेपर्यंत. दूधवाला, छप्पर, माझे केस, बाबांचे मोजे, सगळ्यावर बोलायची. मनातलं तेवढं सोडून.

रांगेची मांडणी नीट समजून घ्या, कारण घोडं तिथंच पेंड खातं. आईच्या खिडकीपासून रांग निघायची ती डाव्या फाटकातून बाहेर. तिथून पुढं ती कुठं कुठं भटकायची ते कुणी बघितलेलं नाही. उजव्या फाटकातून ती परत आवारात यायची आणि खिडकीपासून हातभर अंतरावर येऊन संपायची. मधे एक लोखंडी कठडा. कठड्याच्या एका बाजूला पहिला माणूस, खिडकीकडे तोंड करून. दुसऱ्या बाजूला शेवटचा माणूस, खिडकीकडे पाठ करून, कारण त्याच्यापुढची रांग उजव्या फाटकाकडे निघालेली. हा शेवटचा माणूस म्हणजे आमचे बाबा. काखेत कळसा आणि गावाला वळसा ही म्हण आमच्या कचेरीवरूनच पडली असावी असा मला संशय आहे.

शेपटाचं काम ऐकायला सोपं वाटतं. नवीन माणूस फाटकातून आला की गोंधळून विचारी, "शेवट कुठाय हो?" बाबा उजवा हात उंच करत. "इथं. या, माझ्यापुढं उभे राहा." मग मान वर करून पुढच्यांना खणखणीत आवाजात सांगत, "सरका!" पुढचा एक पाऊल सरके आणि त्याच्यापुढच्याला म्हणे, सरका. तो त्याच्यापुढच्याला. सरका-सरका फाटकाबाहेर निघून जाई आणि बाबांच्या पुढ्यात एक फरशी मोकळी होई. पोटुशी रांगेत जागा कधी कमी पडत नाही. बाबा मात्र आपल्या फरशीवरून हलायचे नाहीत. शेपूट हललं की नवख्यांनी कुणाकडं बघायचं?

खरी मजा वेगळीच होती. मागून कुणी आलं की सगळे एकेक पाऊल पुढं सरकत, आणि त्यांना वाटे, रांग चालतेय. जितकी गर्दी जास्त, तितकी रांग झपाझप पुढं! संध्याकाळी घरी जाऊन लोक कौतुकानं सांगत, "आज बरीच सरकली बुवा." सरकत होते ते उजव्या फाटकाकडे, म्हणजे खिडकीपासून लांब. मागं एकदा वळून बघितलं असतं तर खिडकी कुठं राहिली ते दिसलं असतं. पण रांगेत मागं वळून बघितलं की नंबर जातो अशी आमच्याकडे पक्की समजूत. लेकरू जरी वळलं तरी त्याची आई डोकं धरून पुढं फिरवायची.

म्हणजे हिशेब असा, की जो बाबांकडून मोजत गेल्यावर सापडतो त्याचा नंबर कधीही लागायचा नव्हता. त्याच्यापुढं माणसं संपतच नव्हती. जो खिडकीकडून मोजल्यावर सापडतो त्याचा आज ना उद्या लागणार. त्या बाजूच्या जागा वडिलोपार्जित होत्या. आजोबा ज्या भिंतीबद्दल विचारायला उभे राहिले ती पडून गेली तरी नातू नेटानं उभा असायचा.

बाबांना हे सगळं ठाऊक होतं. मी एकदा चिडून म्हणाले, "बाबा, सांगून का टाकत नाही तुम्ही त्यांना?"

"पोरी, सरकताना किती खूश असतात बघितलंस का?"

"पण पोचणार नाहीत ना!"

"नाही पोचणार. पण आत्ता खूश आहेत." मग जरा थांबून म्हणाले, "आणि सांगितलं तर मग ते जाणार कुठं?"

बाबांचा स्वभावच शेपटाचा होता की नोकरीनं तसा झाला, हे कोडं मला सुटलेलं नाही. जेवायला शेवटी बसायचे. बसमध्ये शेवटी चढायचे, म्हणजे बऱ्याचदा चढायचेच नाहीत. रस्त्यानं चालताना मागून कुणाची चाहूल लागली की त्यांचा जीव कासावीस होई. कडेला थांबून त्याला पुढं जाऊ देत, मगच पाय उचलत. एका लग्नात त्यांची आणि दुसऱ्या कचेरीच्या शेपटाची मांडवाच्या दारात गाठ पडली. "तुम्ही आधी." "छे, छे, आधी तुम्ही." "अहो, माझं कामच ते." "माझंही!" आत लग्न लागलं, जेवणं झाली, नवरानवरी निघाले, तरी हे दोघं दारातच. शेवटी मांडववाल्यानं मांडव सोडून नेला. दार राहिलं नाही म्हणून ते दोघं घरी आले. तरी बाबा वर्षभर सांगत होते, की तो माझ्या आधी निघाला.

मला त्यांचा राग यायचा आणि त्यांच्यावर माझा जीवही होता. दोन्ही एकदम. हे मी स्पष्टच सांगते, कारण पुढं मी जे केलं ते रागानं केलं असं लोक म्हणतात. निव्वळ रागानं माणूस एवढी धावपळ करत नाही.

बाबांचे गुडघे गेले. रोज सकाळी उठताना आधी एक गुडघा कुरकुरे, मग दुसरा, मग बाबा. शेपटाला बसायची परवानगी नाही. बसलेलं शेपूट नवख्यांना दिसत नाही आणि ते शेवट शोधत भलतीकडे निघून जातात. तशी काही माणसं गेली आहेत म्हणे. बाबांना आता एकच गोष्ट हवी होती. नोकरी सोडायची आणि घरी पाय लांब करून बसायचं. पण नोकरी सोडायची तर त्यालाही होकार लागतो, आणि होकार खिडकीवर मिळतो, आणि खिडकीवर रांगेतून यावं लागतं.

आई तर हातभर अंतरावर. दुपारी जेवणाच्या सुट्टीत ती खिडकीची फळी लावून बाहेर यायची आणि कठड्यावरून बाबांना डबा द्यायची. एक दिवस मीही तिथं होते. डबा घेताना बाबा हळूच म्हणाले, "अगं, माझे गुडघे आता..."

"रांगेतून या," आई म्हणाली.

"मी रांगेतच आहे."

"नंबर आला की या."

"माझा नंबर कसा येईल? मी शेपूट आहे!"

"ते मला माहीत नाही. कठड्यावरून मी डबा देते, होकार देत नाही. उद्या सगळं गाव कठड्यावर चढेल." आणि झाकण उघडून म्हणाली, "जेवा. गार होतंय."

घरी विषय काढला तर म्हणे ऑफिसचं घरी नको. एरवी ऑफिसातल्या पंख्यापासून झाडूपर्यंत सगळं घरी आणायची, पण हे नको. माझ्या नाकाला मिरच्या झोंबल्या. मी म्हटलं, "आई, तो तुझा नवरा आहे." "खिडकीला नवरा नसतो," ती म्हणाली आणि छपरावर बोलायला लागली. बाबा मोज्यातून पाय काढत बसले. त्यांचे घोटे सुजून भांड्याच्या बुडासारखे झाले होते. मला रडू आलं, ते मी स्वयंपाकघरात जाऊन कांद्यावर ढकललं.

बाबांनी मग स्वतःची अक्कल लढवली. त्यांच्या अगदी पुढं एक टोपीवाला असायचा. पन्नाशीचा, तुळतुळीत टकलाचा, म्हणून टोपी. नव्या माणसासाठी तो इमानानं एक पाऊल सरकायचा आणि मग त्याच्याशी जागा बदलून परत बाबांना चिकटायचा, कारण बाबांशी गप्पा मारल्याशिवाय त्याला चैन पडत नसे. त्याला आपल्या म्हाताऱ्या घोड्याला चष्मा लावायची परवानगी हवी होती. बाबा त्याला म्हणाले, "जरा जागा बदलता का? मी पुढं, तुम्ही मागं." टोपीवाला भला माणूस, बदलली. त्याच्यापुढच्या बाईनंही बदलली. असं एकेकाशी जागा बदलत बाबा उजव्या फाटकाबाहेर दिसेनासे झाले. तिकडं टोपीवाल्याच्या गळ्यात शेपूटपण पडलं. पहिल्याच नवख्याला त्यानं "इथं" म्हणून सांगताना टोपी उडवली, ती झाडावर गेली.

संध्याकाळी बाबा लंगडत परत आले. परतही सगळ्यांशी जागा बदलत बदलत, कारण ड्युटी शेपटाची. पण चेहरा फुललेला.

"आज बरीच पुढं गेलो," ते म्हणाले.

"पुढं अजून किती होते, बाबा?"

त्यांनी विचार केला. "तेवढेच," ते म्हणाले, आणि चेहऱ्यावरचं फूल मिटलं. इतकी वर्षं लोकांना सरका म्हणणारा माणूस एका दिवसात स्वतःच सरकण्याला भुलला होता. मी कपाळावर हात मारला, आणि मग त्यांच्या गुडघ्यांना तेल लावायला बसले.

दुसऱ्या दिवशी दुकानात एक बाई आल्या. केस कमरेपर्यंत आणि त्यात असा गुंता की चिमण्यांना भाड्यानं देता आला असता. आमच्या धंद्यात पहिली गोष्ट हीच शिकवतात, की गुंता टोकाकडून सोडवायचा. मुळाकडून ओढत आलात तर केसही जातात आणि गिऱ्हाईकही. मी खालची टोकं बोटात धरली, कंगवा लावला, एक गाठ सुटली, थोडी वर गेले, दुसरी सुटली. आणि कंगवा तसाच हवेत राहिला.

"काय झालं?" बाई म्हणाल्या.

"आमची आई मुळाकडून विंचरतेय," मी म्हणाले आणि गळ्यातल्या फडक्यासकट, हातात कंगवा घेऊन धावत सुटले. डावी बाजू विंचरलेली आणि उजवी तशीच, अशा त्या बाईही माझ्यामागं धावल्या. पैसे नंतर देईन, पण हे काय आहे ते बघणार, असं म्हणत होत्या.

बाबा आपल्या फरशीवर एका पायावरचा भार दुसऱ्या पायावर देत उभे होते. मी धापा टाकत म्हटलं, "बाबा, सरका म्हणू नका. फिरा म्हणा."

"काय?"

"रांगेला म्हणा, मागं फिरा. खिडकी तुमच्या पाठीशी आहे. सगळे फिरले की तुम्ही शेवटचे नाही, पहिले!"

बाबांच्या चेहऱ्यावर मी त्यांना चोरी करायला सांगितल्यासारखी भीती पसरली. "आणि पलीकडच्या पहिल्याचं काय? तो शेवटचा होईल की! बिचारा आजोबांपासून उभा आहे."

"त्याला कळणारच नाही. तुम्ही इथून फिरा म्हणालात की निरोप एकाकडून दुसऱ्याकडं जाईल, पण तो खिडकीकडच्या लोकांपर्यंत कधी पोचायचाच नाही. जाईल तो तुमच्याकडून मोजता येणाऱ्यांपर्यंतच. हे सगळे इकडं तोंड करतील, खिडकीकडचे सगळे तिकडं तसेच उभे राहतील. आई एक घंटी त्यांच्यासाठी वाजवेल, एक यांच्यासाठी. सगळ्यांचा नंबर लागेल, बाबा! सगळ्यांचा!"

 बाबांनी टोपीवाल्याच्या खांद्यावर हात ठेवला. टोपी झाडावरून काढून त्यानं परत घातली होती. "जरा मागं फिरता का?"

टोपीवाला दचकला. "भलतंच काय! नंबर जाईल माझा."

इथं बाबांचं सगळं आयुष्य अडलं. मला ते दिसत होतं. खरं सांगितल्याशिवाय हा फिरणार नाही, आणि खरं तर इतकी वर्षं त्यांनी मायेनं झाकून ठेवलेलं.  शेवटी ते म्हणाले, "टोपीवाले, मी तुम्हाला रोज सरका म्हणतो ना? तुम्ही सरकता ना?"

"मग! रोज सरकतो."

"तुमचा नंबर लागणार नव्हता. कधीच. तुमच्यापुढची माणसं संपणारीच नाहीत. मला पहिल्यापासून माहीत होतं."

टोपीवाल्यानं टोपी काढली. टक्कल खाजवलं. त्याच्यापुढच्या सात-आठ पाठी ताठ झाल्या, त्यांनीही ऐकलं होतं. आता हा बाबांच्या थोबाडीत मारणार म्हणून मी कंगवा सरसावला.

"म्हणजे नंबर नव्हताच?" टोपीवाला म्हणाला.

"नव्हताच."

"मग जाणार काय डोंबल!" असं म्हणून तो गर्रकन मागं फिरला. आणि त्याच्या समोर खिडकी. "अहो," तो ओरडला, "ही इथंच आहे की!"

मग बाबांनी उजवा हात वर केला आणि आयुष्यात पहिल्यांदा तो शब्द उच्चारला. "फिरा!"

इतकी वर्षं या आवाजाचं ऐकायची सवय होती लोकांना. एक फिरला, त्यानं पुढच्याला सांगितलं फिरा, तो फिरला. "अगंबाई, खिडकी!" "अरेच्चा!" "माझी छत्री मागं राहिली होती, ती बघा!" असे आवाज उजव्या फाटकातून बाहेर जात राहिले आणि हळूहळू लांबून यायला लागले. अजूनही येत असतील. कठड्यापलीकडे खिडकीकडची मंडळी आपली पूर्वीसारखी शांत उभी होती. त्यांना वाटलं, तिकडं कुणी उंदीर बघितला.

नंतर पुष्कळांनी मला विचारलं, की मग मधे कुठंतरी दोन माणसं पाठीला पाठ लावून उभी असतील, नाही का? मी त्यांना मास्तरांकडे पाठवते, त्यांच्याकडे पट्टी आहे. नवीन येणाऱ्यांनी उभं कुठं राहायचं असंही विचारतात. त्यांच्यासाठी आता आवाराच्या कोपऱ्यात तिसरी रांग लावली आहे. ती अजून साधी आहे, पण तिचंही पोट दिसायला लागलंय अशी कुजबुज आहे.

तर आईची खिडकी. पलीकडच्या पहिल्या माणसाला "नाही" सांगून तिनं घंटीवर हात ठेवला आणि मान वर केली. तिला समोर नेहमीची रांग दिसली, आणि कठड्याच्या या बाजूला बाबांचा चेहरा. नेहमी तिथं चेहरा नसायचा. कचेरीचा नियम एकच होता, ज्याच्यापुढं कुणी नाही त्याचं ऐकायचं. बाबांच्यापुढं कुणी नव्हतं. तिनं डावीकडे बघितलं, उजवीकडे बघितलं, नियमात कुठं फट आहे का ते डोळे मिटून आठवून बघितलं. आईचा नियम म्हणजे दगडावरची रेघ, तो तिला स्वतःलाही मोडता येईना. तिनं घंटी वाजवली.

बाबा हलले नाहीत. मागं वळून टोपीवाल्याला म्हणाले, "तुम्ही घ्या ना आधी."

"अहो, तुमचा नंबर आहे!"

"असू दे. घोड्याचा खोळंबा नको."

"बाबा!" मी किंचाळले. अर्ध्या केसांच्या बाईही किंचाळल्या, त्यांचा काही संबंध नसताना. टोपीवाल्यानं बाबांना दोन्ही हातांनी पुढं ढकललं.

बाबा खिडकीशी उभे राहिले. त्यांना हात कुठं ठेवावेत कळेना, म्हणून उजवा वर केला आणि परत खाली घेतला. मग शाळेतल्या मुलासारखं एका दमात म्हणाले, "गुडघे फार दुखतात. उभं राहवत नाही. मला नोकरी सोडून घरी बसायचंय. बसू का?"

 हो की नाही, एवढंच ऐकायचं होतं. माझ्या मनात मी शंभरदा हो म्हणून घेतलं. आई बाबांकडे बघत होती. तिनं तोंड उघडलं, मिटलं. पुन्हा उघडलं. 

"आणि मी?" ती म्हणाली. "मी दिवसभर कुणाची पाठ बघू?"

खिडकीतून तिसरा शब्द आला होता, आणि त्याच्या पाठोपाठ आणखी चारपाच. पलीकडच्या रांगेत एका म्हाताऱ्याच्या हातातून काठी पडली. मी मात्र जागच्या जागी बसले, खाली फरशीवर. इतके दिवस मी तिला नियमाची दगडी खिडकी समजत होते, तिच्यावर तोंडसुख घेत होते, आणि ती बिचारी एवढं एक वाक्य पोटात धरून छपराबद्दल बोलत होती. 

बाबा आ वासून तिच्याकडे बघत राहिले. मग कपाळाला हात लावून म्हणाले, "अगं, मग हे आधी सांगायचं नाही का! अख्खी रांग उलटी केली मी!"

आईचे कान लाल झाले. तिनं पदर सारखा केला, घसा खाकरला आणि सरकारी आवाजात उत्तर दिलं. "नाही."

"बरं," बाबा म्हणाले. इतक्या खुशीत नाही ऐकून घेणारा माणूस त्या खिडकीनं बघितला नसेल. ते लंगडत व्हरांड्यात गेले आणि कुणाचं तरी स्टूल उचलून आणलं. आता शेपूटच उरलं नव्हतं, मग शेपटाला बसायची बंदी तरी कुणाला लागू? टोपीवाल्याला वाट राहील इतकं सरकवून त्यांनी ते आपल्याच फरशीवर मांडलं. टोपीवाला त्यांना म्हणाला, "अहो, इकडं खिडकीकडं तोंड करून बसा की, आता काय हरकत आहे?"

बाबांनी मान हलवली. एक हात गुडघ्यावर, दुसरा कठड्यावर ठेवत ते सावकाश खाली बसले, आईकडे पाठ करून.